स्लीपी हॉलोचे भूत आणि त्याचे शेजारी

वसंत व्याख्यानमालेच्या चिटणीसांनी आम्हांला विषय विचारला तेव्हा आम्ही कामगार चळवळीवर बोलू अशी त्यांची अपेक्षा होती. आम्ही म्हटले, "आम्ही भुतांवर बोलणार." ते हसले; पण आमचा आग्रह पाहून त्यांनी पत्रकात तसे छापले, आणि त्या एका शब्दासाठी बरीच मुले पुढच्या रांगेत येऊन बसली होती. त्यांची निराशा होऊ नये म्हणून पहिली गोष्ट भुताचीच सांगतो.

आमच्या गावची एक सूतगिरणी बंद पडली. फाटकाला कुलूप लागले, यंत्रे गंजली, अंगणात बाभळी वाढल्या. दोनतीन वर्षांनी पहारेकऱ्यांत बोलवा उठली की रात्रपाळीच्या वेळी बंद खात्यातून चात्यांचा आवाज येतो आणि डबा हातात घेतलेला एक माणूस फाटकाशी उभा राहतो. गोष्ट गावभर झाली. दिवेलागणीनंतर पोरे तिकडून जाईनात. नवल असे की ज्या कामगारांची भुते झाली म्हणून लोक सांगत होते, ते कामगार जिवंत होते. गिरणीमागच्या चाळीतच राहत होते. दर महिन्याच्या पहिल्या रविवारी आमच्या युनियनच्या कचेरीत येऊन ते विचारीत, "आमच्या ग्रॅच्युइटीचे काय झाले?" गावाला भूत ठाऊक होते, थकबाकी ठाऊक नव्हती.

त्याच दिवसांत रद्दीवाल्याकडे आम्हांला एक जुने इंग्रजी पुस्तक मिळाले. आमची शाळा नववीत सुटली. इंग्रजी आम्ही शिकलो ते फॅक्टरी कायदा एका हाताशी आणि शब्दकोश दुसऱ्या हाताशी ठेवून; तेव्हा गोष्टीचे पुस्तक वाचायला आम्हांला महिना लागला. ते होते वॉशिंग्टन अर्व्हिंग ह्या अमेरिकन लेखकाचे 'स्केच बुक', 1819-20 साली निघालेले. त्यात मुंडके नसलेल्या एका घोडेस्वाराच्या भुताची गोष्ट आहे. ही गोष्ट अमेरिकेत शेंबड्या पोरालाही ठाऊक असते. ती जिथे घडली असे म्हणतात त्या जागेचे नाव स्लीपी हॉलो, म्हणजे झोपाळू दरी. न्यूयॉर्क शहराच्या उत्तरेला हडसन नदीच्या काठी ती आहे. आम्हांला उत्सुकता वाटली की ह्या दरीत भुताच्या आधी कोण राहत होते? त्या एका प्रश्नापायी पुढे आम्ही ग्रंथालयातून, ओळखीच्यांकडून, जमेल तशी त्या मुलखाची पुस्तके मिळवून वाचली. ती तीन प्रकारची निघाली : पहिल्या वसाहतवाल्यांनी लिहिलेली, मूळ रहिवाशांविषयी लिहिलेली, आणि भुतांची. तिन्ही वेगवेगळ्या कपाटांत ठेवतात. आमचे म्हणणे एवढेच की ती एकत्र वाचावीत.

पहिल्या कपाटापासून आरंभ करू. 1609 साली हेन्री हडसन हा इंग्रज खलाशी डच ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरीत 'हाफ मून' नावाचे जहाज घेऊन ह्या नदीत शिरला. पुढे डच वेस्ट इंडिया कंपनी निघाली आणि 1624 पासून तिने तेथे माणसे वसवली. हा मुलूख ओसाड नव्हता. लेनापे आणि त्यांचे भाईबंद असलेल्या अनेक जमाती नदीच्या दोन्ही काठांना राहत होत्या. स्लीपी हॉलोच्या आसपास जी जमात होती तिला वेक्वेसगीक म्हणत.

5 नोव्हेंबर 1626 ह्या तारखेचे पीटर स्खागेन नावाच्या डच अधिकाऱ्याचे एक पत्र उपलब्ध आहे. मॅनहॅटन बेट 60 गिल्डरांच्या किमतीला 'रानटी लोकांकडून' विकत घेतले, असे त्याने हॉलंडच्या सरकारला कळवले. आज जिथे न्यूयॉर्कचे गगनचुंबी वाडे उभे आहेत तेच हे बेट. हे पत्र पुष्कळांना ठाऊक असते. पण त्याच पत्रात पुढे जहाजावरच्या मालाची यादी आहे, तिकडे कोणी फारसे पाहत नाही. त्यात बीव्हर ह्या प्राण्याची 7,246 कातडी आहेत. युरोपात ह्या कातड्याच्या केसांपासून टोप्या बनत. ती कातडी बहुतांशी मूळ रहिवाशांनी शिकार करून आणलेली होती. आम्ही हिशेबाचे कागद पाहून पाहून म्हातारे होत आलो. आमच्या नजरेला ही यादी पहिल्यांदा दिसली. बेटाची किंमत एका ओळीत आणि माल अनेक ओळींत! शिवाय लेनापे लोकांत जमीन कायमची विकण्याची रीत नव्हती. नव्या लोकांनाही येथे राहू देणे, एवढाच त्या व्यवहाराचा अर्थ त्यांनी घेतला असावा, असे अनेक अभ्यासकांचे मत आहे.

वसाहतवाल्यांची सगळीच पुस्तके खोटी असतात असे मात्र कोणी समजू नये. 1655 साली हॉलंडात दोन पुस्तके छापली गेली. एक आड्रिआन व्हान डर डोंक ह्या वकिलाचे. तो त्या वसाहतीत राहिलेला होता, डोळस होता. मक्याच्या ताटाशेजारी घेवडा लावतात म्हणजे वेल ताटावर चढतो, ही मूळ रहिवाशांच्या शेतीची युक्ती त्याने नोंदवली. रान ते शरदात जाळतात आणि का जाळतात तेही लिहिले. आणि एक वाक्य असे लिहिले की त्यावर आम्ही थांबलो : हे लोक सांगतात, गोरे येण्यापूर्वी आणि देवीची साथ पसरण्यापूर्वी आम्ही आतापेक्षा दहापट होतो. म्हणजे दहांतले नऊ गेले. पहिली भुते ही होत. पण त्यांची गोष्ट कोणी रचली नाही.

दुसरे पुस्तक डेव्हिड डी व्रीस ह्या जहाजमालकाचे. वसाहतीचा गव्हर्नर विलेम कीफ्ट ह्याने 1639 साली मूळ रहिवाशांवर धान्याचा आणि कातड्यांचा कर बसवायचे ठरवले. त्यांच्याच जमिनीत राहायचे आणि त्यांच्याचकडून सारा मागायचा! तेथून बिघाड वाढत गेला. 1643 च्या हिवाळ्यात उत्तरेकडच्या शत्रूंच्या हल्ल्यामुळे वेक्वेसगीक आणि शेजारच्या जमातींची माणसे पळून डचांच्या आश्रयाला आली. कीफ्टने त्या आश्रितांवरच सैनिक पाठवले. 25 फेब्रुवारीची रात्र होती. डी व्रीसने त्याला परोपरीने विनवले होते. त्या रात्री तो गव्हर्नरच्या घरी स्वयंपाकघरातल्या चुलीपाशी बसून राहिला. मध्यरात्री नदीपलीकडच्या पव्होनियाकडून त्याला किंकाळ्या ऐकू आल्या. तिथे 80 माणसे मारली गेली आणि अलीकडे दुसऱ्या जागी 40, अशी नोंद आहे. पोरेही सोडली नाहीत.

त्याच रात्री एक जोडपे होडीतून जीव घेऊन डी व्रीसकडे आले. उत्तरेच्या शत्रूंनी हल्ला केला, आम्हांला किल्ल्यात लपवा, असे ते म्हणू लागले. ते शत्रू नव्हते, आमचेच लोक होते, हे त्याला त्यांना सांगावे लागले. मग त्याने त्यांना वेशीबाहेर सोडून दिले. आम्ही हे वाचले त्या रात्री आम्हांला झोप आली नाही. ह्यापेक्षा भयंकर भुताची गोष्ट कोणती? पण पव्होनियाच्या भुतांचा उत्सव होत नाही.

1664 साली इंग्रजांनी डचांची वसाहत घेतली आणि न्यूयॉर्क असे तिचे नाव झाले. स्लीपी हॉलोची जमीन फिलिप्स घराण्याकडे गेली. 1693 साली त्यांना तिची राजसनद मिळाली. नदीकाठी त्यांची पिठाची गिरणी होती. ती चालवीत आफ्रिकेतून आणलेले गुलाम आणि त्यांची पोरे. 1750 साली मालक अॅडॉल्फ फिलिप्स वारला तेव्हा मालमत्तेची यादी झाली. तीत गुरेढोरे आणि भांडीकुंडी ह्यांच्यासोबत 23 गुलाम माणसे मोजलेली आहेत.

ह्याच अॅडॉल्फ फिलिप्सने 1697 साली उत्तरेकडच्या डोंगराळ मुलखाचीही सनद मिळवली होती. तो मुलूख वॅपिंजर जमातीचा. तिचा पुढारी डॅनिअल निम्हॅम. हा मनुष्य आम्हांला आमच्या चळवळीतला वाटतो. त्याने 1765 साली फिलिप्सच्या वारसांविरुद्ध न्यूयॉर्कच्या सरकारपुढे दावा लावला. न्याय देणारे आणि जमीनदार एकाच पंगतीत जेवणारे. दावा फेटाळला गेला. निम्हॅम 1766 साली समुद्र ओलांडून लंडनला गेला आणि तेथल्या अधिकाऱ्यांपुढे कैफियत मांडली. त्यांनी प्रकरण पुन्हा चौकशीसाठी न्यूयॉर्कलाच परत धाडले आणि तिथे 1767 साली ते पुन्हा फेटाळले गेले. कोर्टकचेऱ्यांत ज्यांच्या चपला झिजल्या त्यांना हे वेगळे समजावून सांगायला नको.

तथापि ह्या प्रकरणात एक गोष्ट अशी घडली की ती शाळेच्या पुस्तकांत यायला हवी. त्या जमिनीवरचे गोरे कूळ शेतकरी मालकाच्या खंडाला विटलेले होते. त्यांच्यातल्या अनेकांनी निम्हॅमचा हक्क मान्य केला आणि त्याच्या जमातीकडून पट्टे लिहून घेतले. 1766 साली कुळांनी उठाव केला. त्यांचा पुढारी विल्यम प्रेंडरगास्ट ह्याला फाशीची शिक्षा झाली. तेव्हा त्याची बायको मेहिटाबेल घोड्यावर बसून न्यूयॉर्कला गव्हर्नरकडे दौडत गेली, फाशी थांबवून आली, आणि पुढे राजाकडून माफीही आली. हडसनच्या खोऱ्यातला आम्हांला माहीत असलेला सर्वांत मोठा घोडेस्वार हा. तिचे मुंडके जागेवर होते, म्हणूनच कदाचित तिची गोष्ट मागे पडली.

आता भुताकडे वळू. अर्व्हिंगच्या गोष्टीतला मुंडके नसलेला स्वार हा हेसियन शिपाई. अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धात तोफेच्या गोळ्याने त्याचे डोके उडाले. रात्री तो ते शोधत दरीतून भरधाव जातो. हे हेसियन कोण? जर्मनीतल्या हेसे-कासेलच्या राजाने 1776 साली इंग्लंडशी कंत्राट केले आणि आपले सैन्य भाड्याने दिले. त्या युद्धात जर्मन मुलखांतून सुमारे 30,000 शिपाई आले, त्यांतले निम्म्याहून अधिक ह्या एका संस्थानचे. राजाच्या तिजोरीत पैसा गेला. शिपायांत गरीब शेतकऱ्यांची पोरे होती. म्हणजे ते भूत आमच्या भाषेत सांगायचे तर कंत्राटी मजुराचे भूत आहे. दुसऱ्याच्या भांडणात, तिसऱ्याच्या फायद्यासाठी, बिचाऱ्याचे डोके गेले. आम्हांला त्याची भीती वाटत नाही, कणव येते.

अर्व्हिंग दरीला झपाटल्याची कारणे सांगतो. त्यांत आणखी एक कारण तो जाता जाता देतो : हडसन येण्यापूर्वी कोणी म्हातारा इंडियन पुढारी, मांत्रिक, येथे आपले मेळे भरवीत असे. बस्स, एवढेच. ज्यांची दरी होती ते गोष्टीत अर्ध्या वाक्यापुरते, तेही मांत्रिक होऊन आले.

अर्व्हिंग हा काही वाईट मनुष्य नव्हता. हे आम्ही मुद्दाम सांगतो, कारण दुष्टांच्या पुस्तकांपेक्षा सज्जनांच्या पुस्तकांतून अधिक शिकायला मिळते. 1809 साली, वयाच्या सव्विसाव्या वर्षी त्याने न्यूयॉर्कचा एक विनोदी इतिहास लिहिला. त्यात तो म्हणतो, चंद्रावरचे लोक आपल्याहून भारी शस्त्रे घेऊन पृथ्वीवर उतरले आणि आम्ही तुम्हांला शोधून काढले, सबब पृथ्वी आमची, असे म्हणू लागले तर? युरोपियनांच्या 'शोधा'च्या हक्काची इतकी नेमकी टर दुसऱ्या कोणी उडवलेली आम्ही वाचली नाही. 'स्केच बुक' मध्येही मूळ रहिवाशांची बाजू घेणारे दोन लेख त्याने घातले आहेत. पण त्यांतल्या एकाच्या अखेरीस तो म्हणतो काय, तर ही माणसे वाफेसारखी नाहीशी होणार. सहानुभूती दाखवली आणि मर्तिकाची तयारीही केली!

नाहीशी कुठे होत होती? 1830 साली अमेरिकन सरकारने कायदा करून पूर्वेकडच्या जमातींना मिसिसिपीपलीकडे हाकलायला सुरुवात केली. 1832 साली ह्या कामावर नेमलेल्या एका सरकारी आयुक्ताबरोबर अर्व्हिंग स्वतः पश्चिमेकडे फिरला आणि 1835 साली त्याने त्या प्रवासाचे पुस्तक काढले. त्यात तो कबूल करतो की काव्यांतून रंगवलेले गंभीर, अबोल इंडियन हे नव्हेतच. आपसांत असले म्हणजे हे लोक हसतात, नकला करतात, थट्टा करतात. भुते हसत नाहीत, थट्टा करीत नाहीत. म्हणजे जिवंत माणसे त्याला दिसली होती. पण लोकांनी लक्षात ठेवले ते घोडेस्वाराचे भूत.

त्याच काळात, 1826 साली, जेम्स फेनिमोर कूपरने 'शेवटचा मोहिकन' ह्या अर्थाच्या नावाची कादंबरी लिहिली. ती जगभर गेली. मोहिकन मात्र शेवटचे नव्हते. तेव्हाच त्यांचे कुटुंबकबिले विस्कॉन्सिनकडे नव्या वस्तीला निघाले होते, आणि स्टॉकब्रिज-मन्सी ह्या नावाने ते आजही तिथे आहेत. लेनापे लोक ओक्लाहोमात आणि कॅनडाच्या ऑन्टॅरिओत आहेत. त्यांना पेन्सिल्व्हेनिया, ओहायो, इंडियाना, मिसुरी, कॅन्सस अशा मुक्कामांतून पुढे ढकलीत नेले. अमेरिकन सरकारने कोणत्याही मूळ जमातीशी केलेला पहिला लेखी तह त्यांच्याशीच, 1778 साली झालेला होता.

त्याच 1778 सालच्या 31 ऑगस्टला डॅनिअल निम्हॅम मारला गेला. लंडनहून हात हलवीत परत आलेला हा मनुष्य स्वातंत्र्ययुद्धात अमेरिकनांच्या बाजूने लढला. आजच्या न्यूयॉर्क शहरातल्या ब्राँक्स भागात इंग्रजांच्या फौजेने त्याच्या तुकडीला घेरून कापले. त्या फौजेबरोबर हेसियनही होते. म्हणजे पाहा, दरीपासून थोड्याच कोसांवर हेसियन शिपाई आणि मूळ जमिनीचा दावेदार समोरासमोर आले. पुढे त्यांतल्या एकाचे भूत झाले आणि त्याला सारे जग ओळखते. दुसऱ्याचा पुतळा उभा राहायला 2022 साल उजाडले. न्यूयॉर्क राज्यातल्या फिशकिल गावी तो आहे.

असे का व्हावे? आमचे उत्तर साधे आहे. हेसियनाचे कोणाकडे काही येणे नव्हते. त्याला डोके हवे, जमीन नको. त्याच्या भुताला घाबरणे स्वस्त पडते. निम्हॅमच्या भुताला ओळख दिली असती तर त्याने सनद मागितली असती.

भुताच्या गोष्टी टाकाऊ असतात, असे ह्यावरून कोणी समजू नये. त्याच गोष्टीत अर्व्हिंग एक मार्मिक विचार मांडतो : आमच्या बहुतेक गावांत भुतांना वावच नाही, कारण भूत थडग्यात कूस बदलते न बदलते तोच त्याच्या ओळखीचे लोक गाव सोडून गेलेले असतात, रात्री फेरी मारायची तर भेटायचे कोणाला? भूत टिकायला वस्ती टिकावी लागते. गोष्ट सांगणारे डच शेतकरी जागेवर राहिले म्हणून त्यांची भुते राहिली. ज्यांना हाकलले त्यांच्या गोष्टी सांगायला त्या जागी कोणी उरले नाही. आमच्या कोकणात नव्या जागेत घर बांधताना तिथल्या राखणदाराला मान देतात. येथे आमच्या आधी कोणी होते आणि त्याचे काही देणे लागते, ही जाणीव त्या रीतीत आहे. ती जाणीव मोलाची आहे. पण राखणदाराला नारळ दिला म्हणजे कुळाचा सातबारा फिटत नाही, हेही तितकेच खरे.

आता दरीची अगदी अलीकडची गोष्ट. स्लीपी हॉलो हे त्या गावाचे सरकारी नाव नव्हते. गावाचे नाव होते नॉर्थ टॅरीटाउन. नदीकाठी जनरल मोटर्सचा मोटारींचा मोठा कारखाना होता. पिढ्यान्‌पिढ्या हजारो कामगारांनी तिथे मोटारी जोडल्या. 1996 साली तो बंद झाला. आणि त्याच वर्षी गावकऱ्यांनी मत देऊन गावाचे नाव स्लीपी हॉलो असे केले. कारखाना गेला, तेव्हा गावाने भुताला कामावर ठेवले. आता दर ऑक्टोबरात तिथे प्रवाशांची गर्दी होते. गावाला चरितार्थ हवा. त्याबद्दल आम्ही त्यांना नावे ठेवीत नाही. तिथली जुनी फिलिप्स गिरणीही आता पाहायला खुली झाली आहे, आणि ती गुलामांनी चालवली हे पाहुण्यांना सांगतात, ही चांगली गोष्ट आहे. कारखान्याच्या जागेवर मात्र नवी घरे झाली. मोटारी जोडणारा कामगार आता त्या गावाच्या नावातही नाही आणि भुतांतही नाही.

ते वाचले आणि आम्हांला आमची सूतगिरणी आठवली. त्यानंतरच्या पहिल्या गेट मीटिंगला आम्ही एक नवीन गोष्ट केली. बंद फाटकाशी, भूत दिसते त्याच जागी, दिवेलागणीला सभा घेतली. एकेका कामगाराने पुढे येऊन आपले नाव, खाते, नोकरीची वर्षे आणि येणे रक्कम मोठ्याने सांगायची, एवढाच कार्यक्रम. चाळीतल्या बायका आल्या, गावातली पोरे आली, पहारेकरीही येऊन उभे राहिले. एक पोर आपल्या आईला विचारू लागले, "हाच का तो डबेवाला?" त्या कामगाराने ते ऐकले आणि म्हणाला, "होय, मीच तो. लिही माझे नाव."

थकबाकी त्यानंतर लगेच मिळाली असे आम्ही सांगणार नाही. काहींची अजून यायची आहे. पण गावात भुताची गोष्ट त्या दिवसापासून बंद पडली, आणि यादीतली नावे लोक तोंडपाठ सांगू लागले. आपल्याही गावात कुठे पडका वाडा असेल, बंद गिरणी असेल, धरणात बुडालेली वस्ती असेल. तिथले भूत आपण ऐकलेले असेल. ते ऐकावे, मुलांना सांगावेही. फक्त सांगून झाल्यावर विचारावे की येथे आधी कोण राहत होते, ते आता कुठे आहेत, आणि त्यांचे आपण काय देणे लागतो. पुढच्या रांगेतल्या मुलांना आमची एवढीच विनंती आहे.